रिकामी दोन भोकं

— न्हाय न्हाय, पेटीचं बटण तुम्ही फिरवलंच नसंल, उमादेवीताई, म्या कुठं म्हणतो फिरवलं म्हणून? बसा. सासूबाई म्हणतात ना — म्हणू द्या. अठरा दिवस अंडी उबवली, पिल्लं निघायला तीन दिवस ऱ्हायले, आन पेटीत पंचेचाळीस डिग्री, सगळी अंडी गेली — माणूस कुणावर तरी राग काढणारच. तेरहून एवढी पेटी एस्टीत मांडीवर घेऊन आलात? बरं — थांबा, एक फोन लावतो... उचलत न्हायत. ऱ्हाऊ द्या.

हे बघा. हा चौकोनी डबा, रिले. आत तारेचं वेटोळं — कॉइल. ऊब कमी झाली की कॉइल ओढती, बल्ब लागतो; पुरी झाली की सोडती. ओढताना काय होत न्हाय. सोडताना — कसं सांगू — धावत्या एस्टीनं ब्रेक दाबला की मागची माणसं पुढं येतात, तसा कॉइलमधला करंट अंगावर येतो. बारा व्होल्टाची कॉइल, पण झटका शंभराच्या वर. हा तीन पायांचा ट्रान्झिस्टर, कॉइल चालू-बंद करणारा — सगळं हाच सोसतो, आन एक दिवस जळून आतल्या आत चिकटतो. मग रिले सुटतच न्हाय, बल्ब पेटलेलाच, बटण कुठं बी फिरवा. तुमच्याकडं लाइट लई खालीवर होत असंल? न्हाय होत? बरं.

इलाज — हा डायोड. ज्वारीच्या दाण्याएवढा. कॉइलच्या दोन टोकांवर उलटा टाकायचा, झटका तिथल्या तिथं जिरतो. ट्रान्झिस्टर बदललाय, हा बी लावला बघा.

काय? आधी का न्हवता? व्हय — भोकं दोन्ही रिकामी होती. डायोडचं पाकीट संपलेलं, ताई. सोलापूरहून यायचं होतं, आन तुम्हाला बी, अणदूरच्या नीलम्मांना बी पेट्या लगेच पायजे होत्या. टेबलावर लावून बघितलं — टिक चालू, टिक बंद — दिवसभर चाललं, म्हणून दिल्या. ठाऊक होतं मला. आयटीआयत पहिल्याच वर्षी शिकवतात हे.

असं बघू नका. घरी सांगा, लाइटीमुळं — न्हाय, तसं नका सांगू. सासूबाई चार दिवस बोलत न्हायत तुमच्याशी? एक शब्द न्हाय? लावा त्यांना फोन. लवकर लावा, मला निघायचंय — नीलम्माच्या अंड्यांना आज सोळावा दिवस, आन त्या सकाळपासून फोन उचलत न्हायत. द्या हिकडं — हॅलो, मावशी? म्या कळंबवरून शंभुलिंग, पेटी केलेला. सुनंनं बटणाला हात लावला न्हवता. चूक माझी हाय. व्हय, माझी... व्हय, शंभर टक्के... हाय की, हितंच बसलीय.

घ्या ताई. तुम्हाला द्या म्हणतात. बाहेर जाऊन बोला, म्या शटर ओढतो — अणदूरला जायचंय.