तिसऱ्या पुकाऱ्याच्या आत

गोंदियाच्या कोर्टाच्या ओसरीत लीलाबाई आपल्या तारखेची वाट पाहत बसली होती. शेजारी बकाराम आणि त्याचा मेहुणा मनिराम. बकारामवर धानाच्या बांधीचा, म्हणजे भातखाचराचा, दावा होता.

"वादी कवडू वल्द सुकल, हाजीर हो!" चपराशी ओरडला.

"भाऊजी," मनिराम कुजबुजला, "कवडू दिसत नाई! तिसऱ्या पुकाऱ्याले नाई आला तं दावा खारीज. बांधी तुमची!"

"खरंच का रे?"

"गुमान बसा. हालू नका."

"पर तो तं आपल्याच बैलबंडीत आला ना!"

"मंग गेला कोठी?"

"तळ्यावर. माह्या बैलायले पाणी पाजून राहिला. त्यातला लाल्या दुसऱ्या कोणाले जवळ येऊ देत नाई."

"कवडू वल्द सुकल, हाजीर हो!"

"दोन झाले, भाऊजी! दोन!"

बकाराम उठून उभा राहिला.

"आता कायले उठता? बसा ना!"

बकाराम तळ्याकडं धावत सुटला. लीलाबाई स्वतःची तारीख विसरून उभी राहिली.

"ए कवड्या! धाव! तुहा दावा बुडून राहिला!"

"अन् बैल?"

"झाडाले बांध अन् पळ!"

"कवडू वल्द सुकल..."

"हाजीर! हाजीर!" दोघंही एकदम ओरडले.

पुढची तारीख घेऊन ते बाहेर आले. कवडू थेट बैलांकडं गेला. मनिरामनं कपाळावर हात मारला.

"घरी आलेली बांधी घालवली, भाऊजी! काऊन?"

"दावा बुडाला असता तं कवडू रुसून पायी गेला असता. मंग लाल्याले बंडीले तू जुपलं असतं का?"