उपाशी सुनेचा दुरुस्ती अर्ज

(बंगळूर. बसवनगुडीतलं एका वकिलाचं ऑफिस. १९९४ साल.)

तुंगाबाई : ते पाचवं कलम आधी खोडा, वकीलसाहेब. त्याशिवाय मी उठायची नाही.

पद्मनाभ : बाई, तुम्ही अनिलकुमारच्या आई. तो विरुद्ध पार्टी. मी तुमच्या सुनेचा वकील. तुम्ही इथं यायलाच नको होतं.

तुंगाबाई : सुनेबरोबरच आले की. एकाच बसनं.

पद्मनाभ : रूपश्री, घटस्फोटाच्या कामाला सासूला घेऊन येतं का कुणी?

रूपश्री : मी नाही आणलं, सर. आत्याच पुढं चढल्या. माझं तिकीट पण त्यांनीच काढलं.

तुंगाबाई : तुम्ही इंग्लिशमध्ये लिहिलंय म्हणे, सासरच्यांनी उपाशी ठेवलं. उपाशी! स्वल्प, जरा बघा तरी हिच्याकडं. लग्नातला एक ब्लाउज अंगात जात नाही हिच्या.

रूपश्री : आत्या!

पद्मनाभ : अहो, अशा अर्जात ते वाक्य असतंच. माझ्या टायपिस्टला तोंडपाठ आहे.

रूपश्री : मी तसं सांगितलं नव्हतं, सर. तुम्ही म्हणालात सही कर, केली.

तुंगाबाई : आणि भोगतेय मी! अनिलनं तो कागद समाजाच्या पंचांना वाचून दाखवला. परवा पूजेच्या पंगतीत आमच्या समाजातल्या सकवारबाईनं माझ्या हातातला डाव काढून घेतला. म्हणते, सुनेला उपाशी मारणारीनं वाढू नये. लग्न असो, बारसं असो, आमच्यात वाढायला मीच असते हो. चारचौघांत रडू आलं मला.

पद्मनाभ : कोर्टात दाखल झालेलं असं खोडता येत नाही. दुरुस्तीचा अर्ज द्यायचा, जज्जांनी मान्य करायचा. शिवाय ते काढलं तर आपली केस लंगडी पडेल.

तुंगाबाई : लंगडी? अनिलचा वकील तर खुशीत आहे. मी म्हटलं, हे खोटं आहे, काढायला लावा. तर म्हणतो, राहू द्या अम्मा, शेजारी साक्षीला आणू. एक खोटं ठरलं की हिचं बाकीचं कोण खरं मानतंय?

पद्मनाभ : असं म्हणाला तो? ... तुंगाबाई, कॉफी घेणार?

रूपश्री : म्हणजे मी हरणार होते, सर?

पद्मनाभ : उद्याच अर्ज टाकू. उपासमार काढतो. मग खरं कारण काय लिहू?

रूपश्री : तीन वर्षं झाली, ते महादेवपुऱ्याला वेगळे राहतात. घरी फिरकत नाहीत.

पद्मनाभ : हे आधी नाही का सांगायचं?

रूपश्री : सांगितलं होतं. तुम्ही फोनवर होता.

तुंगाबाई : कारखान्याजवळ खोली घेतलीय. दिवाळीला बोलवायला गेले तर दार उघडलं नाही. पोटचा पोरगा, पण खरं ते खरं. मी येते साक्षीला.

पद्मनाभ : मुलाच्या विरुद्ध?

तुंगाबाई : झालं तेवढंच सांगेन. आणि खाली लिहा, या तीन वर्षांत सासूनं दोन्ही वेळा पोटभर जेवू घातलं.

रूपश्री : नाश्ता पण लिहा, सर. रोज गरम.

तुंगाबाई : सरी, चालेल. फक्त उप्पिट्टू लिहू नका, ही ते ताटातच टाकते.

पद्मनाभ : लिहितो. पण बाई, तुमच्या साक्षीनं ही जिंकेल. आणि जिंकली की तुमचं घर सोडून जाईल. कळतंय ना?

तुंगाबाई : कळतंय. जाऊ दे. जेवून जाईल.