सप्टेंबरमध्ये या

बितोला शहरात सकाळी बुरेकच्या, म्हणजे चीज भरलेल्या गरम पेस्ट्रीच्या, रांगेत माझ्यापुढे दोघं शेजारी उभे होते.

"वांगेल, काल नगरभवनात राष्ट्राध्यक्षांनी तुझा हात बराच वेळ धरला होता की रे!"

"ओळखलं ना मला! प्राध्यापक होते तेव्हा कायद्याच्या तोंडी परीक्षेत त्यांनी मला तीनदा नापास केलं."

"तीनदा? दगडच होतास म्हण की!"

"फेरपरीक्षा सप्टेंबरात असायची ना! दर वेळी एकच वाक्य. 'सप्टेंबरमध्ये या.'"

"मग काल काय बोललास?"

"विचारलं, आमच्या गावचा पूल कधी होणार?"

"काय म्हणाले?"

"चष्मा पुसला, छताकडे बघितलं. अगदी मी बघायचो तसं."

"मग?"

"मी म्हटलं, 'सर, सप्टेंबरमध्ये या.'"

"मेलास! चिडले?"

"छे रे! मान खाली घालून म्हणाले, 'अभ्यास करून येतो.'"