एका बिल्डिंगीवर एकच

जालन्याच्या बसस्टँडवर ज्योत्स्ना मॅडम गाडीची वाट बघत बसल्या होत्या. शेजारी एक म्हातारी माय आणि कामाला निघालेला तिचा धाकटा मुलगा. दोघांचं बोलणं मॅडमच्या कानावर येतच होतं.

“राजानंद, नागपूरलाच चालला ना?”

“किती डाव विचारतीस, माय? नागपूरलाच. बावीस मजल्यांचं लोखंड चढवायचंय.”

“तुझा थोरला भाऊ मिथुन पुण्याला हाये. त्याच्या बिल्डिंगीवर तू चढायचं न्हाई. आपल्या गावचे चार जण एकाच टावरवरून पडून गेले. त्यात दोघं सख्खे भाऊ.”

“माहीत हाये मला. तव्हाच तुम्ही बायांनी विहारात ठरवलं, एका घरातला एकच माणूस एका बिल्डिंगीवर.”

“बराबर. कमरेचा पट्टा बांधत जाय बाप्पा.”

“बांधतो. गाडी लागली, जातो. जयभीम.”

“जयभीम.”

गाडी निघून गेली, तशी माय मॅडमकडं वळली.

“बाई, पाटीवर पुणंच होतं ना?”

“हो, पुणंच.”

“मला बी येतं वाचता.”

“मग अडवलं का नाही?”

“चौघं पडल्यापासून वर गेलं की मिथुनचे पाय लटपटून राह्यले. घरी ये म्हणलं, तर म्हणतो, लोखंडाबिगर मला दुसरं काय येतं? भाऊ संगं असला तर त्याला धीर ऱ्हाईल.”

मॅडमनी पाण्याची बाटली मायपुढं धरली.

“पण विहारात उभं राहून ती गोष्ट म्याच मांडल्ती, बाई. आता गावात गेल्यावर त्या दोघा भावांच्या मायला मी काय सांगू?”