खून पोस्टमास्तरच करणार!

...नाही, पण मी म्हणतो, का बदलायचा खुनी? तुम्हीच सांगा! पाच भागांची रहस्य-श्रुतिका, चार भाग रेडिओवर होऊन गेलेले, विष कुणी घातलं ते मला पहिल्या ओळीपासून ठाऊक, आणि आमचे शेजारी हरिहरपंत मला जिन्यात गाठून म्हणतात, "पोस्टमास्तर नको हं! डॉक्टर घ्या, वकील घ्या..." अहो, ही काय भाजी आहे? का, तर हे स्वतः पोस्टमास्तर म्हणून रिटायर झालेले! चौथ्या भागात विषाची पुडी रजिस्टर पोस्टानं आली ना, तेव्हाच ह्यांच्या मनात पाल चुकचुकली. "एकतीस वर्षं नोकरी केली, एक कार्ड गहाळ नाही!" नसेल हो! पण माझी पुडी काय डॉक्टर रजिस्टर करणार? मी सरळ सांगितलं, पंत, आभाळ कोसळलं तरी खून पोस्टमास्तरच करणार!

तुम्ही म्हणाल, मग अडलं कुठं? अहो, नौपाड्यातल्या आमच्या अख्ख्या चाळीत रेडिओ एकच, आणि तो ह्यांचा! दर बुधवारी संध्याकाळी बावीस बिऱ्हाडं ह्यांच्याच खोलीत. त्यात ह्या बुधवारी सासरे येणार होते, खास कल्याणहून. त्यांचा विश्वासच नाही हो, मी लेखक आहे ह्यावर! लग्नाला सहा वर्षं झाली, अजून चारचौघांत सांगतात, "जावई ना? असतात काहीतरी खरडत." रेडिओवर नाव ऐकलं तर मानीन, म्हणाले. आणि लेखकाचं नाव सांगतात कधी? अगदी शेवटी!

आमची मंदाकिनी रडकुंडीला आलेली. "अहो, मारा ना तो खून दुसऱ्या कुणाच्या गळ्यात! बाबांना एकदा तुमचं नाव ऐकू दे..." वाईट वाटलं मला, खरंच वाटलं. तिनं काय कमी ऐकून घेतलंय माहेरी? पण नाही म्हणजे नाही! आज पंतांसाठी पोस्टमास्तर सोडला, तर उद्या वकील येतील, परवा शिंपी येतील... मग खून करायचा कुणी, मी? खून पोस्टमास्तरच करणार!

बुधवार उजाडला. सासरे खुर्चीवर, बाकी सगळे खाली, पंत रेडिओला चिकटून. इन्स्पेक्टर गरजला, "खुनी ह्याच खोलीत आहे!" समोरच्या खोलीतल्या विमलाबाईंची मेथी निवडायची थांबली. "आणि त्याचं नाव..." खट्! पंतांनी पिळला की हो रेडिओचा कान! वर तोंड करून म्हणतात, "सेट तापलाय. जरा विश्रांती हवी त्याला."

जो गलका उठला म्हणता! कुणी म्हणे डॉक्टर, कुणी म्हणे वकील, विमलाबाई तर मयताच्या बायकोवरच घसरल्या... मला राहवेना. ताडकन उठलो, पंतांच्या डोळ्यांत डोळे घातले आणि ओरडलो, "खून पोस्टमास्तरनंच केला!"

सासऱ्यांनी शांतपणे चष्मा पुसला.

"बसा, जावईबापू," म्हणाले, "उगाच ठोकून देऊ नका. तुम्हाला हो काय माहीत? ज्यानं लिहिलंय, त्यालाच ठाऊक!"

...बसलो.