साहेबापुढं नवऱ्याचं नाव

त्या दिवशी एवढं धुकं पडलं होतं, का बालाघाटच्या कचेरीत पोचेपर्यंत आमचे कपडे ओले झालते. बायकोले मी रंगूनहून लगन करून आणलं होतं. आता तिले येथली नागरिक करायची होती, नाही तं परत धाडतीन असं भेव होतं. शेजारचा सुखदेव साक्षीदार म्हणून संगं आलता.

साहेबानं तिले पुसलं, "पति का नाम?"

तिनं डोक्यावर पदर घेतला. "हे काय उभे हायेत, त्यायलेच पुसा."

"जवाब तुम्हें देना है. नहीं तो अर्जी खारिज!"

मी तिले हात जोडले. म्हटलं, "घे वं बाई, आजच्या दिवस घे माहं नाव."

"काहून घेऊ? नाव घेतलं का नवऱ्याचं आयुष्य घटते, सासूबाईनं सांगतलं हाय. रंगूनले धाडा, पण मी नाव नाही घेत."

साहेब हासतच सुटला. "अब इससे ज्यादा हिंदुस्तानी क्या बनोगी?" म्हणे, अन् सही करून देल्ली.

बाहेर आल्यावर सुखदेव म्हणे, "भाऊ, माही बायको तं येथंच, बालाघाटजवळच्या लामता गावात जन्मली, अन् रोज माहं नाव घेऊन शिव्या देते. तिले कोन्या देशात धाडू, तेवढं साहेबाले पुसून ये ना!"