टिकल्या एकदाच पडतात

...नाही नाही, तक्रार कसली, अहो, पोरीचा नंबर लागला ना तुमच्या कॉलेजात! पाच वाजता निकाल, पाच वाजून एक मिनिटाने मला कळलं — आणि कॉम्प्युटरच्या पडद्यावर त्या रंगीत कागदी टिकल्या काय पडायला लागल्या, वर तुमच्या कॉलेजचं गाणं — मी स्वयंपाकघरात एकटीच नाचले, ओव्हनमधला केक करपला, करपू दे. मी फोन केलाय तो त्या टिकल्यांसाठीच. निकालाचं पान परत उघडलं तर नुसतं पत्र — टिकल्या नाहीत, गाणं नाही. एकदाच पडतात? असं कसं हो? कारण ती — म्हणजे मुलगी — अजून पोहण्याच्या सरावाला आहे, साडेसहाला येईल. तिने बजावलं होतं, आई, मी स्वतः उघडणार, तू हात लावायचा नाहीस. आणि मी कुठे लावला? पासवर्ड आपला सहज टाकून बघितला — प्रेट्झल, आमच्या कुत्र्याचं नाव, दुसरं काय असणार — तर उघडलंच. तेव्हा त्या टिकल्या तेवढ्या पुन्हा भरून द्या.

तुम्हाला नाही कळायचं आमचं काय झालं होतं ते. नोव्हेंबरात तिने सही केली, मी केली, शाळेतल्या सल्लागार बाईंनी केली — घेतलंत तर तुमच्याकडेच येणार, दुसरीकडे ढुंकूनही बघणार नाही. लग्नाच्या कागदावर मी न वाचताच सही केली होती, हा तीनदा वाचला. तेव्हापासून घरात कोणी मोठ्याने शिंकलं नाही. आणि आता पत्राच्या खाली तुमच्या समितीने खास लिहिलंय, तुझ्या निबंधाची शेवटची ओळ आम्ही मोठ्याने वाचली, आणि मग पुन्हा एकदा वाचली. 'प्रेट्झल गेला, तरी त्याच्या वाटीतलं पाणी मी रोज बदलते.' अहो, ती ओळ माझी! तिने तिथे 'यातून मी खूप काही शिकले' असलं काहीतरी लिहिलेलं — ती शाळेत गेल्यावर मी हळूच बसले आणि बदललं, तिला अजून पत्ता नाही. वीस वर्षं दातांच्या दवाखान्यात पेशंटना पत्रं लिहितेय मी, एकही कोणी मोठ्याने वाचलं नाही. खरंच, कोणी रडलं का हो?

हॅलो?

आहात ना?

नाही, म्हणजे — पाणी मी खरंच बदलते, रोज. बाकी निबंध तिचाच आहे, अक्षर न् अक्षर. नाव? नाव कशाला? राहू द्या त्या टिकल्या, माझ्याकडे रंगीत कागद आहे, भोकं पाडायचं मशीन आहे, मीच पाडते आणि उधळते. कुत्र्यांवरचे निबंध तर तुमच्याकडे ढिगाने येत असतील, नाही का?

एकच?

अहो, माफ करा — मला वाटतं, राँग नंबर लागलाय.